पाऊण मिनिटाची शांतता

वसंता, तुझ्या शोकसभेत सगळे तुझ्या कानांबद्दल बोलले. एक जण म्हणाला, असा तयार कान मराठवाड्यात दुसरा झाला नाही. दुसऱ्यानं सांगितलं, तंबोऱ्याची तार केसभर उतरली तरी वसंतरावांच्या कपाळाला आठी पडायची. तिसरा तुझा जुना विद्यार्थी, त्याला तर रडूच फुटलं. मी दुसऱ्या रांगेत, उजवा हात नेहमीसारखा शालीखाली झाकून बसलो होतो. दोन शब्द बोला म्हणून माझं नाव पुकारलं, तेव्हा मी नुसती मान हलवली. लोकांना वाटलं, शाळेपासूनचा मित्र आहे, गहिवरलाय. गहिवर कसला. मला भीती वाटत होती की तोंड उघडलं तर खरं बाहेर पडेल.

अध्यक्ष म्हणाले, वसंतराव पोखर्णीच्या रस्त्यानं सकाळी सुरांच्या तंद्रीत चालले होते आणि तंद्रीतच गेले. मागून आलेल्या भाजीच्या टेम्पोनं तुला उडवलं, तो टेम्पो पेडगावच्या मुंजाजीचा. मुंजाजी पहिल्या दिवसापासून सांगतोय, मी चारदा हॉर्न वाजवला. त्यावर सभेत मागून कुणीतरी बोललं, "तार उतरलेली कळती त्या माणसाला हॉर्न कळत न्हाई व्हय? प्यालेला असंल, आता खोटं बोलायलाय." लोकांनी माना डोलावल्या. मीही डोलावली असेन, मला आठवत नाही.

तुला हॉर्न ऐकू आला नाही. चार वर्षं झाली, तुला काहीच धड ऐकू येत नव्हतं, आणि ते मला माहीत होतं. हे तुझ्यापाशी कधी नीट बोलता आलं नाही म्हणून आता बोलतोय. तू आता विषय टाळायला उठून चपला शोधू शकत नाहीस.

आपण सेलूचे. तू मास्तरांचा पोरगा, मी कापसाच्या जिनिंगमधल्या मजुराचा. एकोणिसाव्या वर्षी त्याच जिनिंगच्या यंत्रात माझी उजव्या हाताची तीन बोटं गेली. अंगठा आणि शेजारचं एक, एवढी उरली. दवाखान्यात सगळे माझ्या लग्नाचं काय होणार यावर बोलत होते. तू आलास आणि विचारलंस, "दिगू, पेटी डाव्या हातानं वाजवशील का?" मला तेव्हा तुला मारावंसं वाटलं होतं. सहा महिन्यांनी मी उजव्या पंजानं भाता ढकलत डाव्या हातानं सा-रे-ग-म बसवायला लागलो. पुढं तू परभणीच्या कॉलेजात संगीत शिकवायला लागलास, मीही परभणीतच शाळेत गाण्याचा मास्तर झालो. माझं पोट त्या एका प्रश्नावर चाललं, वसंता. हे तुला एकदा तरी सांगायला पाहिजे होतं.

तू मात्र शिकवून थांबला नाहीस. हैदराबादला तुझे एक सर होते, त्यांच्याकडून पश्चिमेकडच्या गेल्या शतकातल्या संगीताच्या कॅसेटी भरून आणायचास. ते कसलं संगीत. सूर एकमेकांवर आदळायचे, लय पाय ओढत चालायची, एकच तुकडा तोतऱ्या माणसाच्या शब्दासारखा पुन्हा पुन्हा यायचा. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मी म्हणालो, टेप बिघडलाय. तू खूश झालास आणि तुझ्या पहिल्या पुस्तकाची सुरुवात माझ्या त्याच वाक्यानं केलीस. लोक या संगीताला लुळं, वेडं, बहिरं म्हणतात, असं तू लिहिलंस. या शिव्या नीट ऐका, सगळ्या शरीरावरून दिलेल्या आहेत. आपणही लंगडी लय म्हणतो, पांगळा सूर म्हणतो. ज्याला आपण मोडलेलं म्हणतो तोही एक आकार आहे, हे ज्या संगीतानं पहिल्यांदा कबूल केलं ते हे संगीत. परभणीत ते पुस्तक किती जणांनी वाचलं असेल कोण जाणे. मी दोनदा वाचलं, दुसऱ्यांदा कळलं.

दुसऱ्या पुस्तकात तू माझ्या हातावर अख्खं प्रकरण लिहिलंस. नाव घातलं नाहीस, नुसतं 'दि.' लिहिलंस. परभणीत डाव्या हातानं पेटी वाजवणारे जसे काही पन्नास जण आहेत. चढताना पंचमापाशी माझा हात क्षणभर थांबतो, त्याला आयुष्यभर सगळे अडखळणं म्हणाले. तू लिहिलंस, तो त्या हाताचा श्वास आहे, तिथं राग वेगळा दिसतो. मी तुझ्याशी भांडलो. म्हणालो, "माझा हात हाय तो, तुझा मुद्दा न्हाई." तू म्हणालास, "दोन्ही का असू नये?" नंतर लोक पेटी ऐकायला यायचे आणि हात बघत बसायचे. त्या भांडणात आपल्यातलं कोण बरोबर होतं हे मला अजून ठरवता आलेलं नाही.

आणि त्याच पुस्तकात ती तीन पानं आहेत. शोकसभेत ती मोठ्यानं वाचली गेली. मी तेव्हा जमिनीकडं बघत होतो.

तुला आठवतं ना, आपलं रविवारचं कसं असायचं? जेवणं झाली की तुझ्या खोलीत. टेप लाकडी फळीवर, तू वेताच्या खुर्चीत, मी बाकावर. कॅसेटची एक बाजू संपेस्तोवर कुणी हूं की चूं करायचं नाही. मग आधी मी बोलायचं. "अडाण्यानं आधी बोलावं, शहाण्याचं ऐकून अडाणी बिघडतो," असं तू म्हणायचास. मी बोलायचो आणि तू लिहून घ्यायचास. मला त्यात मान वाटायचा. शेवटच्या काही वर्षांत तू फळीवर तळहात ठेवून बसायला लागलास. म्हणालास, "लाकडातून खर्ज चांगला कळतो." मी विश्वास ठेवला. मला आणखी प्रश्न विचारायला लागलास. वरचे सूर तुटक होते का, कितव्यांदा परत आले, कुठं बारीक झाले. मी सांगायचो. तू माझ्या कानांनी पुस्तक लिहीत होतास आणि मला वाटत होतं, तू माझी परीक्षा घ्यायलास.

मग तो जानेवारीतला रविवार, दुसरं पुस्तक अजून छापायचं होतं. हैदराबादच्या सरांनी घर आवरलं आणि उरलेल्या कॅसेटींचं खोकं तुला पाठवलं होतं, त्यातली एक आपण दोघंही पहिल्यांदाच ऐकत होतो. नुसता पियानो. थंडीचे दिवस, पंखा बंद होता. तुझ्या खोलीतला प्लग तर तुला माहीतच आहे, पिनांपाशी काडेपेटीच्या काड्या खोचल्याशिवाय टिकायचा नाही. मध्येच काडी पडली, प्लग निसटला आणि टेप बंद. बोलायचं नाही हा आपला कायदा, म्हणून मी गप उठलो. कपाटामागं हात घालायचा, गुडघा वाकत नाही, काडी सापडत नाही, माझ्या पंजात ती धरता येत नाही. पाऊण मिनिट गेलं असेल. प्लग बसला, टेप कण्हत कण्हत उठला आणि होता तिथून पुढं चालू झाला. मी वळून बघितलं. तू डोळे मिटून, फळीवर हात ठेवून, तस्साच बसला होतास.

बाजू संपल्यावर पहिल्यांदाच तू आधी बोललास. "दिगू, ती शांतता ऐकलीस?"

मला वाटलं, चेष्टा करायलास. मी हसलो. तू हसला नाहीस. तुझे डोळे भरले होते. म्हणालास, "एवढी लांब शांतता कुणी लिहिलेली मी आजवर बघितली न्हाई. सूर संपत न्हाई, मरत बी न्हाई. थांबतो आणि सगळे त्याची वाट बघतात." तेव्हा माझ्या लक्षात आलं. टेपचं कण्हणं तुला ऐकू आलं नव्हतं, माझं कपाटाला थडकणं ऐकू आलं नव्हतं. आधीचंही काही ऐकू आलं नव्हतं. तुझ्या हाताला लाकडाचं थरथरणं थांबलेलं तेवढं कळलं होतं.

मी म्हणालो, "हो, ऐकली."

तेव्हा 'प्लग निसटला होता रे' एवढंच म्हटलं असतं, तर तू आज असतास. पण तसं म्हणायचं म्हणजे तू बहिरा आहेस हेही म्हणायचं. तुझे भरलेले डोळे बघून माझी जीभ उचलली नाही. पुढच्या रविवारी तू तीन पानं वाचून दाखवलीस. थकलेलं शरीर वाटेत थांबतं, आपण त्याला ओलांडून पुढं जातो, हे संगीत मात्र त्याच्यासाठी थांबतं, असं काहीतरी. आयुष्यात तू यापेक्षा चांगलं लिहिलं नाहीस. मी ते छापू दिलं. जगात नसलेल्या शांततेवर माझ्या मित्रानं तीन पानं लिहिली आणि मी शेजारी बसून चहा पीत राहिलो.

त्यानंतर मी एक केलं. सकाळी आपण फिरायला जायचो, तेव्हा मी रस्त्याकडच्या बाजूनं चालायला लागलो. मागून गाडी आली की तुझं कोपर धरून कडेला ओढायचो. तू म्हणायचास, "म्हातारा झाल्यापासून तू लय भित्रा झालास." मी म्हणायचो, "झालो." सगळं असंच चाललं असतं. पण पुस्तक छापून आलं, लोक तुझं कौतुक करायला लागले, आणि ती तीन पानं जो तो मला दाखवायला लागला. माझा धीर सुटला. एका रविवारी तुझ्यासमोर बसून, ओठ नीट हलवून म्हणालो, "वसंता, माझ्या हातावर लिहिलंस. आता तिसरं पुस्तक तुझ्या कानावर लिही."

तू माझ्या तोंडाकडं बघत राहिलास. मग म्हणालास, "तुझी बोटं गेली म्हणून सगळ्यांचंच काहीतरी जावं, असं वाटायलंय का तुला?"

असलं आजवर मला कुणी बोललं नव्हतं. जिनिंगचा मुकादमसुद्धा नाही. ज्यानं जन्मभर अपंगांची बाजू मांडली, त्याच्या मनात माझा हात असा होता? मी चपला घातल्या आणि निघालो. दुसऱ्या दिवशी फिरायला आलो नाही, नंतरही नाही. शैलावहिनींचा दोनदा निरोप आला, "भावजी, सकाळी फिरायला येत जा ना." मला वाटलं, नवरा बोलून बसलाय, बायको समेट करायलीय. मी सांगितलं, "त्याला येऊ द्या माझ्याकडं." एक महिना मी घरात पेपर वाचत बसलो, तू एकटा चालत राहिलास, आणि रस्त्याकडची बाजू मोकळी होती. तुझ्या त्या एका वाक्यावर मी आजही नाराज आहे. आणि त्या महिन्याबद्दल तुझी माफी मागतो. दोन्ही खरं आहे, मी काय करू?

तेराव्यानंतर दोन दिवसांनी मी तुझ्या घरी होतो. फाटकाशी एक बाई येऊन उभी राहिली. डोक्यावर पदर, आत यायला तयार नाही. वहिनींनी पाणी दिलं, ते तिनं हातातच धरलं. म्हणाली, "बाई, मी मुंजाजीची बायको. ह्यांनी हारन वाजविला. लय वाजविला. मी शेजारीच बसले व्हते. साहेब वळलेच न्हाईत. लोक म्हनायलेत पिलेला व्हता. ह्यांनी जल्मात थेंब शिवला न्हाई." मुंजाजीला जामीन मिळालाय, पण केस उभी आहे, टेम्पो ठाण्याच्या आवारात आहे, गावात कुणी त्याच्याशी धड बोलत नाही. तो स्वतः आठ दिवसांपासून धड जेवत नाही, नुसता म्हणतो, वाजविला ना गं मी? वाजविला ना? असं ती सांगत होती. वहिनी खांबाला धरून उभ्या होत्या. मी माझ्या चहाच्या कपाकडं बघत होतो.

ती गेली. वहिनी आत आल्या, माझ्यासमोर बसल्या आणि म्हणाल्या, "भावजी, ह्यांना ऐकू येत नव्हतं."

मी म्हणालो, "मला म्हाईत होतं."

"चार वर्षं झाली, मी त्यांच्या समोर जाऊनच बोलायले. पाठीमागून हाक मारायची सोडूनच दिली. एकदा डॉक्टरचं नाव काढलं तर दोन दिवस जेवले न्हाईत. म्हणून तुमाला निरोप धाडला. फिरायला या म्हणून."

वसंता, तुझ्या जवळची दोन माणसं तुझं बहिरेपण एकमेकांपासून लपवत होती, आणि तू दोघांपासून. तू शहाणा होतास, तुझ्या पुस्तकात अपंगाला लाज वाटावी असं एक अक्षर नाही. ती लाज तू सगळी स्वतःसाठी ठेवलीस. मला राग येतो तुझा. तुझ्या जागी मी असतो तर मीही हेच केलं असतं, म्हणून आणखी येतो. मी अजून हात शालीखाली घेऊन हिंडतो ना.

दुसऱ्या दिवशी आम्ही दोघं ठाण्यात गेलो. जमादार चांगला माणूस होता, पण त्याला कळेना की मयताची बायको टेम्पोवाल्याच्या बाजूनं का आलीय. म्हणाला, "डॉक्टरचा कागद हाय का?" नव्हता. "मग ऐकू येत नव्हतं कशावरून?" तुझ्याशी समोर जाऊनच बोलावं लागायचं, हे वहिनींनी सांगितलं. त्यानं मान हलवली, लिहिलं नाही. मग मी पिशवीतून तुझं पुस्तक काढलं, ती तीन पानं उघडली आणि प्लगची गोष्ट सांगितली. काडी पडल्यापासून काडी बसेपर्यंत. सांगताना माझा उजवा हात टेबलावर होता, ते मला नंतर लक्षात आलं. जमादारानं पान वाचायचा प्रयत्न केला, अर्ध्यावर सोडला आणि विचारलं, "म्हणजे पुस्तकात हे चुकीचं छापलंय?"

तुझ्या लिहिण्यातलं सगळ्यात चांगलं पान, वसंता. मी म्हणालो, "हो. चुकीचं हाय. तिथं शांतता न्हाईच."

मग त्यानं लिहिलं. वाचूनही दाखवलं. 'मयत यांना मागील चार वर्षांपासून ऐकण्यास येत नव्हते, ही बाब आम्हांस माहीत होती, परंतु आम्ही ती कोणास सांगितली नाही.' वहिनींनी सही केली. मी डाव्या हातानं केली. तुझं तिसरं पुस्तक एवढंच झालं, दोन ओळींचं, आणि ते आम्ही लिहिलं. केसचं पुढं काय होईल ते जमादारालाही सांगता येईना. बाहेर बाकावर मुंजाजी बसला होता. चाळिशीचा, वाळलेला माणूस. कुणीतरी त्याला सांगितलं असावं. तो उठून माझ्याजवळ आला आणि विचारलं, "म्हणजे मी वाजविला व्हता ना?" मी म्हणालो, "तू वाजवला होतास." तो परत बाकावर बसला आणि तोंड हातात घेऊन रडायला लागला. त्याच्या खांद्यावर हात ठेवायची माझी हिंमत झाली नाही.

आता सगळीकडं बोभाटा होईल. कॉलेजात, गावात, लोक म्हणतील, वसंतराव बहिरे होते, मग पुस्तकं कुणी लिहिली? तुझ्या नावाला मी डाग लावला असं तुला वाटत असेल, तर वाटू दे. तू मला दुखावून गेलास, मी तुला दुखावतो. पण त्या माणसानं हॉर्न वाजवला होता.

काल रविवार होता. मी जेवून तुझ्याकडं गेलो. वहिनींना म्हणालो, ती कॅसेट लावू. त्यांनी काड्या खोचून प्लग बसवला आणि आम्ही ऐकलं. त्या जागी काही नाही, वसंता. एक सूर येतो आणि लगेच दुसरा. सरळ. वहिनींनी विचारलं, "ह्यांना ती शांतता इथंच कळली का?"

मग मी देवघरातला वातींचा कापूस मागून घेतला आणि दोन्ही कानांत गच्च भरला. कॅसेट मागं नेली. तुझ्या खुर्चीत बसलो, उजवा पंजा फळीवर टेकवला, डोळे मिटले. वहिनींना सांगितलं होतं, वाटेल तेव्हा प्लग ओढा, मला सांगू नका. पंजाखाली लाकूड बारीक थरथरत होतं. उरलेल्या बोटापेक्षा गेलेल्या बोटांच्या जागी जास्त कळत होतं. मग ते एकदम थांबलं. मला माहीत होतं हे होणार, तरी पंजा फळीवर आणखी दाबला. मी वाट बघत राहिलो. तू लिहिलंस तसंच होतं ते, वसंता. शब्दन् शब्द तसंच.

किती वेळ गेला कळलं नाही. लाकूड परत सुरू झालं नाही म्हणून मी डोळे उघडले. वहिनी कपाटापाशी नव्हत्या. माझ्या अगदी समोर येऊन, तोंड माझ्याकडं करून उभ्या होत्या, चार वर्षांच्या सवयीनं. चहा ठेवू का, असं विचारत होत्या. मला ते ओठांवरून कळलं.